पाच ताऱ्यांवरून दोनवर: गाडीच्या अ‍ॅपचा तीन वर्षांचा अनुभव

गाडी घेतली त्या आठवड्यात मी या अ‍ॅपला पाच तारे दिले होते आणि खाली लिहिलं होतं, 'मस्त आहे, सगळं समजतं.' ते 'सगळं समजतं' आता मला वाचायलाही नको वाटतं. म्हणून जुना अभिप्राय काढून हा नवा लिहितोय. कंपनीचं नाव मुद्दाम घालत नाही. मध्यंतरी दोन मित्रांच्या फोनवर दुसऱ्या कंपन्यांची अशीच अ‍ॅप्स उघडून पाहिली. रंग वेगळे, बटणांच्या जागा वेगळ्या, आतला हिशेब तोच.

मी कारखान्यात मेंटेनन्स बघतो. मशीन बंद पडण्याआधी कुरकुरतं, ती कुरकुर वेळेत ऐकायची, हा माझा पोटापाण्याचा उद्योग. त्यामुळे बॅटरीचं व्होल्टेज, टायरमधली हवा, टाकीत उरलेलं पेट्रोल घरबसल्या दाखवणारं अ‍ॅप मला आवडणार हे उघडच होतं. आणि त्या कामात ते चोख आहे, हे आजही सांगेन. आमच्या गाडीचं पुढचं डावं चाक पहिल्यापासून हट्टी. तेहतीसवर हवा भरली की चार-पाच दिवसांत एकोणतीसवर येणार. पंक्चरवाल्याला पाण्यात बुडबुडा सापडला नाही, सर्व्हिस सेंटरने 'सगळं नॉर्मल आहे सर' म्हणून परत पाठवलं. व्हॉल्व्ह बारीक गळतोय हे मी अ‍ॅपमधल्या आकड्यांवरूनच पकडलं. रात्री अंथरुणात पडल्या पडल्या 'गाडी लॉक केली का रे?' या प्रश्नाला उठून खाली न जाता उत्तर देता यायचं. भल्यामोठ्या पार्किंगमध्ये गाडी हरवली की दिवे लावून शोधता यायची. या सोयींबद्दल माझी काहीच तक्रार नाही.

हे चालतं कसं, ते थोडक्यात सांगतो, कारण पुढच्या भानगडीचं मूळ तिथे आहे. डॅशबोर्डच्या मागे एक छोटा डबा असतो. त्यात सिम आणि जीपीएस. गाडी आपली खबर थेट कंपनीच्या सर्व्हरला देते. फोनमधलं अ‍ॅप ही नुसती खिडकी. एकाने खिडकी बंद केली म्हणून घर नाहीसं होत नाही, दुसऱ्या खिडकीतून ते दिसतच राहतं. बहुतेकांना वाटतं, अ‍ॅप काढून टाकलं की विषय संपला. माझ्या बायकोलाही तसंच वाटलं होतं.

गाडी ताब्यात मिळाली त्या दिवशी शोरूममधल्या मुलाने विचारलं, 'सर, मोबाइल नंबर?' मी सांगितला. ओटीपी आला, तो वाचून दाखवला. झालो मी 'प्रायमरी युजर'. ही तेव्हा आत बसून सीट पुढे-मागे करून बघत होती, तिची उंची कमी आहे म्हणून. सुरुवातीला भरायचे पैसे तिच्या मुदत ठेवीतून आले होते. हप्ता माझ्या खात्यातून जायचा. नोंदणी माझ्या नावावर, कारण कर्ज माझ्या नावावर. पेट्रोल ज्याच्या हातात गाडी त्याने भरायचं आणि सर्व्हिसिंगला नेहमी तीच न्यायची. गाडी कुणाची, हा प्रश्न आमच्यात कधी निघालाच नाही. 'आपली' एवढा शब्द पुरत होता. मराठीत 'आमची' आणि 'आपली' यांत फरक आहे आणि तो कानाला लगेच कळतो. अ‍ॅपला मात्र 'आपली' हा शब्दच ठाऊक नाही. तिथे एक प्रायमरी असतो आणि बाकीचे त्याने आत घेतलेले पाहुणे.

मुलगी गाडी शिकायला लागली तेव्हा मी नकाशावर घराभोवती आठ किलोमीटरची सीमा आखली. गाडी त्याबाहेर गेली की फोन वाजणार. वेगाचीही मर्यादा घातली. मुलगी वैतागली, 'बाबा, तू मला शिकवतोयस की पकडतोयस?' आम्ही तिघंही हसलो होतो. पुढे ती सीमा काढायची राहून गेली.

मागच्या वर्षी आमचं नवरा-बायकोचं बिनसलं. कशावरून, ते इथे सांगण्यासारखं नाही आणि त्यात अ‍ॅपचा दोषही नाही. ती बहिणीकडे राहायला गेली आणि गाडी घेऊन गेली. ती फिजिओथेरपिस्ट आहे, रुग्णांच्या घरी जाऊन व्यायाम करून घेते. मागच्या सीटवर घडीचं टेबल, उशा, वजनं असा संसार असतो. गाडीवाचून तिचं काम अडतं आणि माझ्या कारखान्याची बस दारात येते. हे मला तेव्हाही दिसत होतं. तरी 'माझी गाडी नेली' हेच मी दहा जणांना सांगितलं.

पहिल्या आठवड्यात अ‍ॅपने मला एक पत्र धाडलं: 'अभिनंदन! तुमचं ड्रायव्हिंग सुधारलं आहे.' त्यात ड्रायव्हिंग स्कोअर असतो, शंभरपैकी. किती वेळा करकचून ब्रेक मारला, वळणावर वेग किती होता, यावरून काढतात. आमचा चौसष्टच्या आसपास रेंगाळायचा. आता एकटी ती चालवत होती आणि स्कोअर एक्याण्णव. बावीस वर्षांच्या संसारात 'तू ब्रेक फार उशिरा दाबतोस' हे मी किती वेळा ऐकलं असेल त्याला गणती नाही. दर वेळी दोष पुढच्या रिक्षावाल्याचा. शेवटी अ‍ॅपने निकाल दिला, तोही माझंच अभिनंदन करून.

यावर हसून अ‍ॅप बंद केलं असतं तर हा अभिप्राय तीन ओळींचा झाला असता. पण मी रोज उघडायला लागलो. स्वतःला कारण दिलं की नोंदणी माझ्या नावावर आहे, उद्या गाडीने कुणाला धडक दिली तर नोटीस माझ्या दारात येणार. हे कारण अगदीच खोटं नाही. भारताच्या 1988 च्या मोटार वाहन कायद्यात ज्याच्या नावाने नोंदणी तो मालक, अशी व्याख्या आहे. विकलेल्या गाडीची नोंदणी जुन्याच मालकाच्या नावावर राहिली आणि अपघात झाला, तर भरपाईची जबाबदारी त्या जुन्या मालकावरच, असं सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये सांगितलं. हे मी रात्री जागून वाचलं. पण अपघाताच्या काळजीपोटी माणूस दिवसातून चाळीस वेळा नकाशा उघडत नाही. चाळीस हा आकडा माझ्या फोननेच दाखवला. अ‍ॅपने नाही. कोणी बघितलं, किती वेळा बघितलं, याची नोंद त्यात कुठेच दिसत नाही. गाडीची प्रत्येक हालचाल नोंदतात, बघणाऱ्याची एकही नाही.

एका इमारतीसमोर आठवड्यातून तीनदा रात्री पावणेनऊला गाडी उभी राहायची, पन्नास मिनिटं. एका संध्याकाळी मी तिथे जाऊन आलो. दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीत एक वॉकर ठेवलेला होता आणि त्याच्या दांडीवर पंचा वाळत होता. परत येताना बसमध्ये मी शेजारच्या माणसाशी क्रिकेटबद्दल बोलत राहिलो.

आणि दिव्यांचं. हे मी तिलाही खूप उशिरा सांगितलं. फोनवर आमचं जोराचं भांडण झालं, तिने फोन ठेवला, रात्रीचे अकरा वाजले होते. मी अ‍ॅप उघडून दिव्याचं बटण दाबलं. तिच्या बहिणीच्या फाटकाबाहेर गाडीचे दिवे लागले असणार. माझ्या फोनवर हिरवी खूण उमटली, 'आदेश यशस्वी.' इंजिन सुरू करायला हे अ‍ॅप पिन मागतं, दार उघडायला मागतं. दिवे आणि हॉर्न यांना काहीही मागत नाही. बनवणाऱ्याच्या डोक्यात फक्त चोर होता. मध्यरात्री दिवे लावून कुणाला 'मी आहे इथे' असं सांगता येतं, हे त्याच्या मनात आलं नसेल. माझ्या मात्र पटकन आलं.

एकदा तर हेल्पलाइनला फोन करून विचारलं की गाडी जागेवर बंद पाडता येते का. येते. चोरीच्या वेळी कंपनी दुरून इंजिन पुन्हा सुरू होऊ देत नाही. पण समोरच्या मुलीने शांतपणे सांगितलं, 'सर, पोलिसात दिलेल्या तक्रारीची प्रत पाठवा, मग पुढची प्रक्रिया करू.' कसली तक्रार देणार होतो मी? दुसरी चावी तिच्याच पर्समध्ये होती आणि ती मीच तिच्या हातात दिली होती. या सगळ्या सेवेत कुणाला तरी थांबून विचार करावासा वाटला, अशी ही एकच जागा.

मग पेट्रोल. एका संध्याकाळी तिला लांब जायचं होतं, मुलीच्या बोलण्यातून कळलं होतं. अ‍ॅपमध्ये पाहिलं तर तीस किलोमीटरपुरतंच पेट्रोल. मी सवयीने मेसेज केला, 'पेट्रोल भरून निघ, तीसच उरलेत.' खरंच काळजीने केला होता. दोन तास उत्तर नाही. मग आलं, 'तुला कसं कळलं?'

त्यानंतर तिच्या बाजूला काय काय घडलं, ते मला पुढे मध्यस्थांच्या बैठकीत समजलं. तिथे तिने कंपनीशी झालेला पत्रव्यवहार वाचून दाखवला. आधी तिने आपल्या फोनमधलं अ‍ॅप काढलं. उपयोग शून्य. मग गाडीच्या स्क्रीनवरून फॅक्टरी रीसेट केला. त्याने ब्लूटूथला जोडलेले फोन आणि रेडिओची स्टेशनं पुसली गेली, माझी खिडकी उघडीच राहिली. मग तिला सेटिंगमध्ये 'प्रायव्हसी मोड' सापडला. तो चालू करताच माझ्या फोनवर सूचना आली, 'तुमच्या वाहनात प्रायव्हसी मोड सुरू करण्यात आला आहे. बंद करायचा?' खाली दोन बटणं. कुणीतरी पडदा ओढल्याची बातमी बाहेर उभ्या असलेल्या माणसाला द्यायची आणि वर विचारायचं, पडदा बाजूला करू का? मी 'हो' दाबलं होतं. तेही त्या बैठकीत कबूल केलं.

शेवटी तिने हेल्पलाइनला लिहिलं. उत्तर आलं, 'मॅडम, प्रायमरी युजरच्या परवानगीशिवाय बदल करता येणार नाही.' म्हणजे ज्याच्यापासून सुटायचं, त्याचीच सही आणायची. गॅरेजवाल्याला डबा काढायला सांगितला तर तो म्हणाला, वॉरंटी जाईल आणि अपघातात मदत बोलावणारं बटणही बंद पडेल.

मला अ‍ॅपमध्ये त्या महिन्यात गाडी दुपारभर एका भाजीबाजारापाशी उभी दिसायची. रोज तीन-तीन तास. मी डोकं खाजवत होतो, की हिने काम सोडलं की काय. ती गाडी तिथे लावत होती आणि घडीचं टेबल खांद्याला अडकवून रुग्णांच्या घरी चालत जात होती. त्यांचे पत्ते माझ्या नकाशावर येऊ नयेत म्हणून. टेबलाचं वजन मला माहीत आहे, चौदा किलो. घेताना मीच उचलून पाहिलं होतं.

मध्यस्थ बाईंनी पहिल्याच बैठकीत कागदावर चार ओळी ओढल्या. गाडी वापरतं कोण, हप्ता कुणाचा, कागद कुणाच्या नावावर. मग म्हणाल्या, 'आणि हल्ली मी चौथं विचारते, अ‍ॅप कुणाच्या फोनमध्ये आहे?' आम्ही दोघंही गप्प. मी तोवर एकच ओळ धरून बसलो होतो, कागदाची. पण तो कागदही सगळीकडे सारखं बोलत नाही. ब्रिटनमधल्या नोंदणीच्या कागदावर स्पष्ट छापलेलं असतं की हा मालकीचा पुरावा नव्हे. त्यावर नाव असतं ते गाडी सांभाळणाऱ्याचं. कॅलिफोर्नियात संसार चालू असताना दोघांच्या कमाईतून घेतलेली वस्तू साधारणपणे दोघांची निम्मी-निम्मी धरतात, कागदावर नाव एकाचं असलं तरी. आणि भारतातल्या ज्या व्याख्येवर मी उड्या मारत होतो, तीच पुढे कर्जावरच्या गाडीच्या बाबतीत त्या करारानुसार ताबा असलेल्या माणसाला मालक म्हणते. मी अर्धंच वाक्य वाचून छाती फुगवली होती. कायद्यांना एवढे फाटे फुटतात. अ‍ॅपचं उत्तर सगळीकडे एकच: ज्याने पहिला ओटीपी सांगितला, तो.

हे फक्त माझ्याच कंपनीचं दुखणं नाही. फायरफॉक्स ब्राउझरमागच्या मोझिला फाउंडेशन या संस्थेने 2023 मध्ये पंचवीस गाडी-ब्रँडांची गोपनीयता तपासली, त्यात एकही ब्रँड पास झाला नाही. कॅलिफोर्नियात 2024 मध्ये यावर कायदाच केला. घरातल्या छळातून सुटू पाहणाऱ्याने कागदपत्रं देऊन मागणी केली, की कंपनीने दोन कामकाजी दिवसांत दुसऱ्या व्यक्तीचा शिरकाव बंद करायचा आणि त्यासाठी पैसे घ्यायचे नाहीत. ते वाचताना 'छळ' या शब्दाशी मी जरा अडखळलो. मी कधी हात उगारलेला नाही. मग बाजारापासून चालत जाणं आठवलं.

गाडी तिच्या नावावर करायची ठरली. उरलेले हप्ते तिचे, मी भरलेल्याचा हिशेब वेगळा मिटवला, तो सोपा होता. पुढचं ज्यांना करायचंय त्यांच्यासाठी सांगतो, क्रम फार महत्त्वाचा आहे. आधी कर्ज देणाऱ्याची संमती, मग नोंदणी, मग विमा. विम्यात नो क्लेम बोनस, म्हणजे दावा न केल्याबद्दल मिळणारी सूट, माणसाच्या मागे जाते, गाडीच्या नाही, त्यामुळे तिचा विम्याचा हप्ता वाढला आणि त्यावरून आमचं आणखी एक छोटं भांडण झालं. टोलचा टॅग सगळेच विसरतात. तो माझ्या खात्याला जोडलेला होता. तिने नाका ओलांडला की मला मेसेज. अ‍ॅप सुटलं तरी ही दुसरी खिडकी उघडी राहिली असती. ती मुलीने पकडली.

अ‍ॅपचं हस्तांतर सर्वांत शेवटी ठेवलं, कारण कंपनीला नवीन नोंदणीचा कागद हवा होता. कागद दिल्यापासून एकोणीस दिवस लागले. मधे दोनदा 'फोटो अस्पष्ट आहे' म्हणून अर्ज परत आला. कागदावर गाडी पूर्णपणे तिची झालेली, आणि तिचं दार उघडण्याचं बटण अजून माझ्या खिशात. मी साइन आउट करून बसलो. पण साइन आउटने फक्त सूचना थांबतात, हक्क शाबूत राहतो. तो सोडून देण्याचं बटण प्रायमरी युजरलाही दिलेलं नाही. आपणहून निघून जायचं म्हटलं तरी अर्ज.

शेवटच्या दिवशी दोघांच्या फोनवर ओटीपी आले. आम्ही फोनवर एकमेकांना आकडे वाचून दाखवले, एका श्वासात, पुढे काही न बोलता. मग अ‍ॅपने मला विचारलं: 'प्रवासाचा इतिहास नवीन मालकाला द्यायचा, की पुसायचा?' तिच्याच चौदा महिन्यांच्या फेऱ्या तिला मिळाव्यात की नाही, हे ठरवायचं मी. फोन चालूच होता. मी म्हटलं, 'हे तुला विचारायला हवं.' ती म्हणाली, 'पूस.'

तेव्हा दोन तारे. एक टायरच्या आकड्यांना, एक तक्रारीची प्रत मागणाऱ्या त्या हेल्पलाइनवरच्या मुलीला. उरलेले तीन हवे असतील तर कंपनीला फार काही करावं लागणार नाही. गाडीच्या स्क्रीनवरच एक बटण द्यावं, आत बसलेल्या माणसाला बाहेरच्या सगळ्या खिडक्या बंद करता येतील असं, आणि त्याची वर्दी बाहेर जाऊ देऊ नये. चोरीचं काय, असं विचारतील. चोरीसाठी पोलिसांच्या कागदाची अट आहेच की, ती चालते.

अ‍ॅप अजून फोनमध्ये आहे. उघडलं की रिकाम्या पार्किंगचं चित्र येतं आणि खाली 'वाहन जोडा'.

गेल्या रविवारी तिचा मेसेज आला. 'पुढच्या डाव्या चाकात एकोणतीस दाखवतंय. नेहमीचंच का?'

'हो,' मी लिहिलं, 'व्हॉल्व्ह गळतो. नवा टाकून घे, पंक्चरवाला नाही म्हणेल, त्याला आकडे दाखव.'